मधली वस्तू

दिलआरामने खुर्ची ओढून घेतली तेव्हाच पूरानने ओळखलं, की ही पोरगी आता लवकर उठायची नाही. सकाळपासून ती दोनदा येऊन गेली होती, पण उभ्याउभ्या. खुर्ची घेतली म्हणजे मुद्द्याचं बोलणं होतं.

“खाला पूरान, एक विचारू? रागावू नका.”

“रागवायला अंगात ताकद लागते. विचार.”

“बाप मुलीला मिठी का मारत नाही?”

पूरानने हातातला चहाचा पेला खाली ठेवला. समोर, इस्तंबूलच्या त्या रिकाम्या गोदामात, सिनेमासाठी सत्याऐंशी सालचा तेहरानचा मेहराबाद विमानतळ उभा केला होता. पत्र्याच्या खुर्च्या, फारसी पाट्या, भिंतीवर तसबिरी, आणि लांब काळ्या-करड्या कोटांत, डोक्याला रुमाल बांधून उभ्या असलेल्या वीस-पंचवीस पोरी. सगळ्या इराणच्याच. कुणी शिकायला आलेली, कुणी पुढच्या व्हिसाची वाट बघत इथे अडकलेली. “जो काढायला म्हणून देश सोडला, तोच आता घालायचे पैसे मिळतायत,” असं त्यातली एक सकाळी आरशासमोर म्हणाली होती आणि बाकीच्या खिदळल्या होत्या.

“का मारत नाही म्हणजे? नाही मारली, म्हणून मारत नाही,” पूरान म्हणाली. “पुस्तकात आहे तेच पटकथेत आहे. माझ्या बापाने मला मारली नव्हती.”

“ते ठाऊक आहे मला. पण...” दिलआराम लहानाची मोठी स्वीडनमध्ये झालेली. बोलण्याच्या भरात आली की तिची फारसी लंगडायची आणि उरलेलं ती हातांनी सांगायची. “मी सगळी पटकथा परवा पुन्हा वाचली. पहिल्या पानापासून. खाला, तुमच्या पटकथेत कुणी कुणाला हातच लावत नाही.”

“म्हणजे?”

“म्हणजे कुणीच. नवरा बायकोला नाही. भाऊ बहिणीला नाही. पोरगा तापाने फणफणलाय, आणि आई कपाळावर हात ठेवायचा सोडून त्याची उशी सारखी करते. आणि आईच्या डोक्यावर सदा रुमाल. स्वयंपाकघरात रुमाल, झोपताना रुमाल.”

“थंडी असते.”

“जुलै लिहिलाय तुम्ही.”

पूरानने चहाचा पेला पुन्हा उचलला.

“गोदाम आपल्याकडे आजच्यापुरतंच आहे,” दिलआराम म्हणाली. “जेवणानंतर निरोपाचाच प्रसंग घ्यायचाय. तुम्ही हो म्हटल्याशिवाय मी एक अक्षर बदलणार नाही, तसा शब्दच दिलाय मी तुम्हाला. पण विचार करा ना. एकुलती एक लेक कायमची चाललीय, आणि बाप सुटकेसचा पट्टा आवळत बसतो?” ती उठली, वाकून पूरानच्या गालाचा मुका घेतला आणि दिव्यांच्या गराड्यात निघून गेली. या मुलांचं असंच असतं. येता मुका, जाता मुका, त्यांना त्याचं काही वाटत नाही.

पूरान सालारी आता एकसष्ट वर्षांची होती आणि त्यातली निम्म्याहून जास्त तिने लिहिण्यात घालवली होती. तेहरानमध्ये होती तेव्हा ती टीव्हीसाठी मालिका लिहायची. क्रांती झाली आणि नियम बदलले. पडद्यावर बाप झालेला नट आणि लेक झालेली नटी हे काही खरे बापलेक नव्हेत, परके स्त्री-पुरुष. तेव्हा त्यांनी एकमेकांना शिवायचं नाही. मंजुरीच्या कार्यालयात जनाब मोईनी नावाचे एक गृहस्थ बसायचे. सभ्य, मऊ बोलणारे, मधुमेहाने वाळलेले. त्यांच्या हातात लाल पेन्सिल असायची आणि ती चालवताना ते दरवेळी एकच वाक्य म्हणायचे, “खानम, भावना राहू द्या, हात काढा.”

पूरानने हात काढले. हात काढून भावना ठेवायची कशी, याची तिने एक युक्ती बसवली होती. जिथे दोन हात भेटायचे, तिथे मधे एक वस्तू ठेवायची. बाप डाळिंब सोलतो आणि दाण्यांची वाटी लेकीकडे सरकवतो. नवरा युद्धावरून येतो आणि बायको त्याचे चिखलाचे बूट उचलून उन्हात ठेवते. घराघरांत लोक ढसाढसा रडायचे. जनाब मोईनीसुद्धा एकदा रडले, आणि डोळे पुसून झाल्यावर म्हणाले, की वाटी जरा लांबून सरकवायला सांगा.

मग एक मालिका मधेच बंद पडली, दोनदा चौकशीचं बोलावणं आलं, आणि तिसरं यायच्या आत पूरान निघाली. आधी पॅरिस, मग लॉस एंजलिस. तिथे इराण्यांची स्वतःची टीव्ही चॅनेलं होती, जन्मभर एकमेकांशी भांडणारी. त्यांच्यासाठी तिने बासमतीच्या जाहिराती लिहिल्या, घटस्फोटाच्या वकिलांच्या लिहिल्या, एका गालिचेवाल्याच्या कुटुंबावर विनोदी मालिका लिहिली आणि ती इतकी वर्षं ओढली, की शेवटी शेवटी विनोद वाचून तिलाच रडू यायचं. पहाटे उठून कादंबऱ्या लिहिल्या. चार झाल्या. कोलोनमधला एक छोटा फारसी प्रकाशक त्या काढायचा. थोड्याच प्रती, आणि त्यातल्याही बऱ्याच ती स्वतःच ओळखीपाळखीत वाटून टाकायची. एक पहिली कादंबरी मात्र चालली. ती फ्रेंचमध्ये गेली, तिला एक लहानसं बक्षीस मिळालं, आणि आता एवढ्या वर्षांनी दिलआराम तिच्यावर सिनेमा करत होती. असा सिनेमा पुन्हा कुणी करायला येणार नाही, हे पूरानला पक्कं ठाऊक होतं.

ती कादंबरी चालली ती निरोपाच्या प्रसंगामुळे. विमानतळावर बाप लेकीला हात लावत नाही. वाकून तिच्या सुटकेसचा पट्टा सोडतो, पुन्हा घट्ट आवळतो, आणि एवढंच म्हणतो, “जा.” मुलाखत घ्यायला आलेला प्रत्येक जण विचारायचा, हे खरं घडलंय का? पूरान सांगायची, शब्दन् शब्द.

आणि ते नुसतं मुलाखतीपुरतं नव्हतं. ज्या बापाने पोटच्या पोरीला जाताना हात लावला नाही, त्याने तिला मनातून काढूनच टाकलं असणार, असं तिने त्या दिवसापासून धरलं होतं. मधे तिकडे जरा मोकळीकीचे दिवस येऊन गेले, बरेच जण तेहरानला जाऊन आले. चार दिवस पासपोर्ट ठेवून घेतात, दमात घेतात, मग सोडतात. तिच्यासारखी निरुपद्रवी बाई तर सहज जाऊन आली असती. ती गेली नाही. दर नवरोजला, नव्या वर्षाच्या दिवशी, घरी फोन करायची. वडील, म्हणजे आगा-जान, “बरी आहेस ना?” विचारायचे, ती “बरी आहे” म्हणायची, आणि ते लगेच फोन तिच्या धाकट्या भावाच्या, होरमोजच्या हातात द्यायचे. तेवढ्याने तिची खात्री आणखी पक्की व्हायची. सहा वर्षांपूर्वी ते वारले, तेव्हाही ती गेली नाही. म्हणूनच दिलआरामचा प्रश्न तिला टोचला. मिठी नव्हती, या एका गोष्टीवर तिने पुस्तकं उभी केली होती आणि आयुष्यही.

तिने पटकथा उघडून चाळली. पोरगी खोटं बोलत नव्हती. पानामागून पान उलटलं. पेले होते, ताटं होती, कोट होते, छत्र्या होत्या. हात कुठेच नव्हता.

शेजारच्या बाकावर अता खान बसले होते, बापाच्या रंगभूषेत, दातांत साखरेचा खडा धरून चहा घोटत. तेहरानमध्ये तिच्या सगळ्या मालिकांत ते असायचे. नंतर हॅम्बुर्गला जाऊन त्यांनी कपडे धुवायचं दुकान चालवलं, आणि आता सत्तरी उलटल्यावर कुणीतरी त्यांना पुन्हा कॅमेऱ्यासमोर बोलावलं होतं.

“अता खान, माझ्या लिहिण्यात कुणी कुणाला हात लावत नाही म्हणे.”

“आज कळलं?”

“म्हणजे तुम्हाला ठाऊक होतं?”

“खानम, मला नाही तर कुणाला ठाऊक असणार? जन्मभर तुमचे ट्रे उचलले, छत्र्या उघडल्या, कोट झटकले. तुमच्या कृपेने मी अख्ख्या इराणात ट्रे धरणारा एक नंबरचा नट झालो.”

“टोमणा मारताय.”

“कौतुक करतोय. टोमणा मारायचा असता तर म्हटलं असतं, की तुमच्या एका मालिकेत मला पाच मुलं झाली, ती कशी झाली हे मला अजून कळलेलं नाही.”

पूरानला हसू आलं, पण ते टिकलं नाही. “अहो, पण हे पुस्तक मी बाहेर लिहिलं. तिथे कोण बसलं होतं लाल पेन्सिल घेऊन?”

“सुंभ जळला तरी पीळ जात नाही, खानम. माझं बघा. नात आहे मला हॅम्बुर्गला, चार वर्षांची. धावत येऊन पायाला मिठी मारते, आणि मी आधी इकडेतिकडे बघतो, कुणी पाहिलं तर नाही ना.”

“बाकीचं असेल सवयीने आलेलं. पण निरोप मी रचलेला नाही. तो घडलाय.”

अता खाननी पेला बाकावर ठेवला. मग म्हणाले, “तुमच्यावरून जीव ओवाळून टाकीन, खानम, पण एक विचारतो. ती नर्सची मालिका आठवते? पोरगी आघाडीवर जायला निघते. मी बाप होतो. मी तिच्या वळकटीचा पट्टा सोडला, पुन्हा आवळला, आणि म्हणालो, ‘जा.’ तुम्ही देश सोडायच्या कितीतरी आधीची गोष्ट. परवा हा प्रसंग वाचला तेव्हा मला वाटलं, चला, जुनंच काम आहे, पाठांतर नको.”

ती मालिका पूरानला आठवत होती. पट्टाही आठवत होता, तपकिरी, चामड्याचा, कडेला उसवलेला. विमानतळावरचा पट्टाही तिच्या डोळ्यांसमोर होता, तपकिरी, चामड्याचा, कडेला उसवलेला.

ती उठून गोदामाबाहेर गेली. समुद्रावरून बोचरा वारा येत होता. एका भिंतीच्या आडोशाला उभी राहून तिने तेहरानजवळच्या कराजला होरमोजला फोन लावला. त्याचं तिथे विजेच्या सामानाचं दुकान होतं. ती निघाली तेव्हा तो चौदा वर्षांचा होता आणि विमानतळावर आला होता.

“आबजी? या वेळेला? सगळं ठीक ना?”

“ठीक आहे रे. एक विचारते, नीट आठवून सांग. मी निघाले त्या दिवशी, फाटकापाशी, आगा-जाननी काय केलं?”

“काय केलं म्हणजे? रडले.”

“रडले?”

“आबजी, थट्टा करतेयस का? तुला गच्च धरून ठेवलं होतं त्यांनी. सोडायलाच तयार नव्हते. तुझा रुमाल मागे घसरला, तो फाटकावरचा पहारेकरी ओरडला, तरी नाही. शेवटी तोच जवळ आला आणि म्हणाला, हाजी-आगा, विमान थांबायचं नाही. तुझा कोट माझ्याकडे होता. सगळे बघत होते, मला मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं.”

“आणि पट्टा?”

“कसला पट्टा?”

“सुटकेसचा.”

“सुटकेस तू आधीच आत दिली होतीस. तुझ्या हातात नुसती पर्स होती.”

पूरानने भिंतीला पाठ टेकली. “तू पुस्तक वाचलंस ना माझं? मग इतकी वर्षं बोलला का नाहीस?”

फोनच्या पलीकडे कुणीतरी बल्बची किंमत विचारत होतं. “गिऱ्हाईक आहे, आबजी,” होरमोज म्हणाला. “मी करतो तुला फोन. थोड्या वेळाने करतो.” आणि त्याने तो ठेवला.

जेवणात भात होता आणि वांग्याची भाजी होती. पूरानने दोन घास खाल्ले. तिला राग आला होता, पण कुणाचा ते कळत नव्हतं. होरमोज खोटं बोलणाऱ्यातला नव्हता. म्हणजे आगा-जाननी तिला धरलं होतं, आणि तिने, स्वतःच्या हाताने, जनाब मोईनींना घरी बसवून, ते काढून टाकलं होतं. कागदावरून काढलं ते काढलं, डोक्यातूनही काढलं. ती डोळे मिटून पुन्हा पुन्हा त्या फाटकापाशी जात होती आणि दर खेपेला बाप वाकून पट्टाच आवळत होता.

ती दिलआरामपाशी गेली. “मिठी घे.”

दिलआरामचा चेहरा उजळला. “काय झालं?”

“चूक झाली होती माझी.”

“मी दोन्ही घेते, खाला. आधी तुमचं, मग मिठीचं. नंतर तुम्हीच सांगा काय ठेवायचं ते.”

पट्ट्याचा प्रसंग पहिल्याच फटक्यात झाला. अता खान वाकले, पट्टा सोडला, आवळला, म्हणाले, “जा.” आवाज असा लागला, की रुमालवाल्या पोरींपैकी दोघीतिघींनी तिथेच डोळ्यांना पदरासारखं रुमालाचं टोक लावलं. मग मिठीची पाळी आली. अता खान पुढे झाले, दोन्ही हात उचलले, आणि नटीच्या खांद्यांपासून वीतभर अंतरावर ते हात जे थांबले ते थांबलेच.

“कट,” दिलआराम म्हणाली. “काय झालं, अता खान?”

“माफ करा, खानम. हात पुढे जाईनात.”

दुसऱ्या खेपेला त्यांनी तिच्या कोटाची कॉलर सारखी केली. तिसऱ्या खेपेला तिच्या हातातली पर्स काढून घेतली आणि तिलाच परत दिली. “आगा, मी चावत नाही हो,” नटी म्हणाली. सगळे हसले. अता खान हसले नाहीत. रंगाखालून त्यांचे कान तांबडे झालेले दिसत होते.

“खानम,” ते पूरानकडे वळून म्हणाले, “मी लिहिलेलं करणारा माणूस. हात कुठे ठेवायचे ते लिहून द्या.”

पूरानने कागद घेतला. ‘बाप मुलीला’ एवढं लिहिलं आणि पेन अडलं. एवढ्या मालिका, चार कादंबऱ्या, आणि तिला हे साधं वाक्य पुरं करता येईना. डावा हात कुठे जातो? डोकं कुणाचं कुणाच्या खांद्यावर? धरतात ते पाठीला की मानेला? चाळीस वर्षांच्या धंद्यात तिने हे एकदाही लिहिलं नव्हतं.

“अहो, लिहायचं काय त्यात?” दिलआराम म्हणाली आणि तिने सरळ पूरानलाच ओढून जवळ घेतलं. एक हात पाठीवर, दुसरा डोक्याच्या मागे, केसांत. “हं, असं. बघितलंत, अता खान? आणि मग सोडायचं नाही.”

अता खाननी बघितलं. मग ते नटीपाशी गेले, डोळे मिटले आणि तिला धरलं. या वेळी कुणी कट म्हणायची घाई केली नाही. पोरी उघड रडत होत्या, दिवेवाला तुर्की माणूस मान खाली घालून उभा होता, आणि अता खानच्या पाठीचे हुंदके कोटावरून दिसत होते. ते अभिनयाचे नव्हते हे पूरानला कळत होतं.

ती त्या दोघांकडे टक लावून बघत होती. आता आठवेल, आता काहीतरी वर येईल, म्हणून वाट बघत होती. आगा-जानच्या कोटाला कसला वास यायचा? दाढी टोचली असेल का? काहीच आलं नाही. मिठी झाली होती, ती होरमोजला आठवत होती, फाटकावरच्या त्या पहारेकऱ्यालाही कदाचित आठवत असेल. जिला मारली तिच्यापाशी तेवढी नव्हती. तिला खूप दमल्यासारखं झालं.

सामान आवरायला लागले तेव्हा होरमोजचा फोन आला. पूरान एका पत्र्याच्या खुर्चीवर बसली, आगमनाच्या पाटीखाली.

“आज सिनेमात तोच प्रसंग घेताय, म्हणून विचारलंस ना?” त्याने विचारलं. तिने सगळं सांगितल्यावर तो म्हणाला, “आबजी, सिनेमात काय राहणार? पट्टा की मिठी?”

“मी सांगेन ते.”

“मग माझं ऐक. पट्टा राहू दे.”

“अरे, तूच तर म्हणालास की पट्टा नव्हताच.”

“नव्हताच. ऐक तर. तुझं पुस्तक मामांच्या अर्दलानने कोटाच्या अस्तरातून आणलं होतं. आगा-जाननी ते लागोपाठ दोनदा वाचलं. मी चिडलो होतो. म्हटलं, तिने हे खोटं का लिहिलं? तुम्ही तर तिला सोडत नव्हता. तर हसायला लागले. म्हणाले, ‘गाढवा, पोरगी सांभाळून लिहितेय. बापाने मिठी मारली असं लिहिलं, तर इथल्या कचेऱ्यांत बसलेले तिच्या नावावर फुली मारतील. तिला परत यायचंय, म्हणून ती वाट मोकळी ठेवतेय.’”

पूरानने फोन दुसऱ्या कानाला लावला.

“प्रत्येक पुस्तकानंतर तेच. चारही पुस्तकं त्यांनी अशीच वाचली. चष्मा लावून शोधायचे, आणि मग मला बोलावून सांगायचे, बघ, याही पुस्तकात कुणी कुणाला हात लावलेला नाही. म्हणजे यायचा विचार अजून आहे तिचा. आल्यागेल्याला सांगायचे, माझी पूरी फार शहाणी आहे.”

“मग फोनवर का नाही बोलले कधी? ‘बरी आहेस ना’ की लगेच तुझ्या हातात.”

“फोनवर? फोन ऐकतात याबद्दल त्यांना शंकाच नव्हती. माझ्या तोंडून काहीतरी जाईल आणि पोरीची वाट बंद होईल, म्हणायचे. फोन ठेवल्यावर मला विचारायचे, आवाज कसा वाटला? खोकत होती का?”

मिठी नव्हती म्हणून पूरानने ठरवलं होतं की तिथे आपलं कुणी उरलं नाही. आणि मिठी नव्हती म्हणूनच तो म्हातारा मरेपर्यंत तिची वाट बघत बसला होता. हे तिला आत्ता, या खुर्चीवर कळत होतं, आणि कळून त्याचं काही करता येण्यासारखं नव्हतं. तिला रडू आलं. तिने ते येऊ दिलं.

“आगा-जान गेले,” होरमोज हळूच म्हणाला. “पण तू ठरवलंस तर अजूनही येता येईल, आबजी. तुझ्या नावावर तसं काही नाही. हा सिनेमा मिठीसकट लागला तर मात्र संपलंच. आणि... तुझी खोली त्यांनी उघडू दिली नव्हती कुणाला. ते गेल्यावर मीही उघडली नाही. मुलं एकाच खोलीत झोपतात तिघं, बायको बोलते मला, तरी नाही उघडली. त्यांनी सांगून ठेवलं होतं ना.”

दिलआराम अंगावर जाकीट चढवत आली. “खाला, आजचं काम संकलनाला पाठवायचंय. काय लिहू? कुठलं ठेवायचं?”

पूरानने फोन कानापासून बाजूला केला, पण त्यावर हात ठेवला नाही. पट्टा ठेवला असता तर सगळं होतं तसं राहिलं असतं. खोली बंद राहिली असती, वाट मोकळी राहिली असती आणि त्या वाटेने ती कधीच गेली नसती. आगा-जान मात्र पडद्यावर जन्मभर लेकीसमोर वाकून चामडं ओढत राहिले असते.

“मिठी ठेव,” ती म्हणाली. “पट्टा टाकून दे. परत मागितला तरी मला देऊ नकोस.”

दिलआरामने तिच्या ओल्या चेहऱ्याकडे बघितलं, लिहून घेतलं आणि गेली.

“होरमोज, ऐकलंस?”

“ऐकलं.”

“मी येणार नाही रे.” सत्तावीस वर्षांत हे वाक्य ती कुणाशीही, अगदी स्वतःशीही मोठ्याने बोलली नव्हती.

“हं,” भाऊ म्हणाला. मग त्याच्या दुकानाचं शटर खाली ओढल्याचा आवाज आला. कुलूप लावून झाल्यावर त्याने विचारलं, “मग खोली थोरल्याला देऊ का? पुढच्या वर्षी त्याची प्रवेशपरीक्षा आहे.”

“दे,” पूरान म्हणाली. “खिडकीची कडी वर उचलून लावावी लागते, नाहीतर वाऱ्याने उघडते. त्याला सांग.”